युगांतर (चित्रपट समूह)

दीपा धनराज, आभा भैया, नवरोज कॉन्ट्रॅक्टर आणि मीरा राव यांनी १९८० मध्ये बंगळूरमध्ये स्थापलेला स्त्रीवादी माहितीपट समूह. ज्यांच्यावर चित्रपट, त्याच त्याच्या सहनिर्मात्या, ही त्याची धारणा. ‘मोलकरीण’ (१९८१) हा पहिला माहितीपट पुण्यातील घरकामगार बायांच्या संघटनेवर होता. दुसऱ्या माहितीपटासाठी (१९८२) समूह सुमारे चार महिने निपाणीतील तंबाखू कामगार स्त्रियांसोबत राहिला. वखारीतील धूळ, तुटपुंजी मजुरी, संप यांची हकिकत त्या स्वतःच सांगतात. इथे कॅमेऱ्याआधी ऐकणे येते आणि तेच या कामाचे खरे मोल आहे. ‘इदि कथा मात्रमेना’ (१९८३) हा तेलुगू चित्रपट हैदराबादच्या स्त्री शक्ती संघटनेबरोबर घडला. बर्लिनच्या आर्सेनाल संस्थेने पुढे या चित्रपटांचे डिजिटल पुनरुज्जीवन केले.