मेंढीचोर आणि त्याची बायको



मूकपटातली प्रेमकथा म्हटली की बाग, चांदणे आणि डोळे टिपणारी नायिका आपल्यापुढे उभी राहते. मी आज ज्या मूकपटाविषयी बोलणार आहे, त्याचे मूळ एका मेंढीच्या चोरीत आहे.

व्हिक्टर श्योस्त्रोम यांचा ‘बर्ग-एविंद आणि त्याची बायको’ १ जानेवारी १९१८ रोजी स्वीडनमध्ये प्रदर्शित झाला. कथा आइसलँडची. अठराव्या शतकातल्या एका फरारी जोडप्यावर योहान सिगुरयोन्सन यांनी १९११ साली नाटक लिहिले, त्यावरून ती घेतलेली. घरची माणसे उपाशी, म्हणून एविंद धर्मगुरूकडे मदत मागतो. ती मिळत नाही, तेव्हा तो मेंढी चोरतो. तुरुंगातून पळून, नाव बदलून तो हाल्ला नावाच्या सधन विधवेकडे मजुरीला राहतो. दोघांचे प्रेम जमते. तिच्या मेलेल्या नवऱ्याचा भाऊ तिथला अंमलदार. त्याला हाल्लाशी लग्न करायचे असते. (तिच्या जमिनीशीही, असे मला वाटते.) तो एविंदचे बिंग फोडतो. हाल्ला शेतीवाडी सोडून एविंदबरोबर डोंगरात निघून जाते.

चित्रण १९१७ साली उत्तर स्वीडनच्या डोंगरांत झाले. महायुद्धाच्या टंचाईमुळे त्याच वर्षी स्वीडनमध्ये भाकरीसाठी मोर्चे निघत होते. त्या प्रेक्षकांना मेंढीचे मोल समजावून सांगावे लागले नसेल.

पण मला खरा वाटतो तो शेवट. पाठलाग करणारे येऊन पोचतात तेव्हा हाल्ला आपले लहान मूल कड्यावरून खाली टाकते. पुढे कित्येक वर्षांनी, म्हातारपणी, बर्फाने वेढलेल्या झोपडीत ही दोघे उपाशी बसलेली दिसतात आणि एकमेकांना घालूनपाडून बोलतात. श्योस्त्रोम स्वतःच एविंद झाले आहेत. हाल्ला एडिथ एरास्टॉफ. पुढे १९२२ साली दोघांनी लग्न केले.

एका लांबलेल्या संपाच्या तिसऱ्या महिन्यात मी एका सभासदाच्या घरी गेलो होतो. नवराबायकोचे कडाक्याचे भांडण चालले होते. कशावरून, तर डब्यातली साखर कोणी संपवली! संसार वीस वर्षांचा. मला पाहून दोघे गप्प झाली. त्या बाईने बिनसाखरेचा चहा पुढे केला, तेव्हा तिला वर बघवेना. मलाही बघवले नाही, कारण संप पुढे चालवा असे सांगायलाच मी गेलो होतो.

झोपडीतली हाल्ला शेवटी वादळात बाहेर पडते. एविंद तिला शोधत जातो, आणि गोठलेल्या तिला कवटाळून तिथेच बर्फात बसून राहतो.