तळटीप : स्वाती दांडेकर आणि स्कूल बोर्ड

* 'स्कूल बोर्ड' म्हणजे आपल्याकडची शाळा समिती नव्हे. अमेरिकेत बहुतेक ठिकाणी हे मंडळ थेट मतदार निवडतात. शाळांचा अर्थसंकल्प, धोरणे आणि अधीक्षकांची नेमणूक ही कामे त्याच्याकडे असतात. आयोवा राज्यात या सदस्यांना मानधन नसते आणि निवडणूक पक्षचिन्हाविना होते. त्यामुळे नवागताला सार्वजनिक जीवनात शिरण्याची ही पहिली पायरी ठरते.

नागपुरात १९५१ साली जन्मलेल्या स्वाती दांडेकर १९९६ मध्ये आयोवातील मॅरियन येथील लिन-मार स्कूल बोर्डावर निवडून आल्या. राज्याच्या प्रतिनिधिगृहाच्या २००२ च्या निवडणुकीत भारतात वाढलेली व्यक्ती आयोवाच्या लोकांचे प्रतिनिधित्व कसे करणार, असा प्रश्न त्यांच्या प्रतिस्पर्ध्याने उपस्थित केला. मतदारांनी दांडेकरांनाच प्रतिनिधिगृहात पाठवले. तिथे पोहोचलेल्या त्या पहिल्या भारतीय वंशाच्या सदस्य. २००९ मध्ये त्या राज्याच्या सिनेटमध्ये गेल्या; पुढे ओबामांनी आशियाई विकास बँकेच्या संचालक मंडळावर त्यांची नियुक्ती केली.

शाळेच्या कामातून मिळवलेला शेजाऱ्यांचा विश्वास हेच त्यांचे खरे राजकीय भांडवल होते. मूळ मजकुरातील 'अचानक मिळालेले यश' हे वर्णन त्यामुळे वाचकांनी जपून घ्यावे. — संपा.