धूर, कापूस आणि कोळसा

सिगारेटचा धूर घरांतून घालविण्यासाठीं हवा शुद्ध करणारें यंत्र घेऊं पाहणाऱ्या गृहस्थानें प्रथम त्याचा इतिहास पाहावा, असें आम्हांस वाटतें. १८५४ सालीं जॉन स्टेनहाउस या रसायनशास्त्रज्ञानें कोळसा भरलेला मुखवटा केला. दुर्गंधी वायु कोळसा आपल्या सूक्ष्म छिद्रांत धरून ठेवी. पुढें १८७१ च्या सुमारास जॉन टिंडल यानें बंबवाल्यांसाठीं कापूस ग्लिसरीननें भिजवून धुराचे कण अडविले. तरीही झोंबणारे वायु आंत येतच. तेव्हां त्यानें कापसास कोळशाची जोड दिली. दुसऱ्या महायुद्धाच्या काळांत अमेरिकेंतील अणुबाँबच्या कामीं किरणोत्सर्गी धूळ अडविण्यासाठीं दाट तंतूंचा कागद योजण्यांत आला. आजचें ‘हेपा’ गाळणें त्याचेंच वंशज होय. तें ०.३ मायक्रॉनचे ९९.९७ टक्के कण अडवितें. वायु मात्र त्यांतून निर्वेध निघून जातात. म्हणून हें गाळणें आणि भरपूर कोळसा हीं दोन्ही ज्यांत आहेत, व जें खोलीच्या आकारास पुरेल इतकी हवा खेचतें, तेंच यंत्र घ्यावें.

तथापि अमेरिकेच्या सर्जन जनरलांनीं २००६ सालच्या अहवालांत स्पष्ट सांगितलें कीं, अशा साधनांनीं धूम्रपान न करणाऱ्यांचा धोका पूर्णपणें टळत नाहीं. बंबवाल्यास आगींत शिरणें भाग होतें. आमच्या दिवाणखान्यांतील आग मात्र आम्हीच पेटवितों, आणि तिचा धूर पाळण्यांतल्या मुलाच्या छातींत जातो. ती विझविणें आमच्याच हातीं आहे.