रामगिरीची निश्चिती आणि प्रमाणाची प्रत : वा. वि. मिराशी यांचे इतिहासलेखन

'वैदर्भी' हा शब्द साहित्यशास्त्राच्या अभ्यासकाला एका रीतीचे नाव म्हणून परिचित असतो. ही नावे त्या त्या रीती त्या त्या देशांत आढळल्यामुळे पडली. देशामुळे काव्यात गुण येत नाहीत, असे वामनाने स्पष्ट करून ठेवले आहे. त्यामुळे ही रीती ज्या भूमीत 'आढळली' ती नेमकी कोणती, तेथे कोण राज्य करीत होते, कोणत्या भाषेत कोण लिहीत होते, हे प्रश्न साहित्यशास्त्राने विचारण्याचे कारणच उरले नाही. ते प्रश्न नागपुरातील एका संस्कृताध्यापकाने विचारले. वासुदेव विष्णु मिराशी (१८९३–१९८५) यांच्या कार्याचा विचार साहित्यसमीक्षेच्या अंगाने करावयाचा तो यासाठी.

मिराशींचा जन्म कोकणातील कुवळे येथला. नागपूरच्या मॉरिस कॉलेजात ते संस्कृत शिकवू लागले आणि पुढचे आयुष्य त्यांनी विदर्भातच काढले. कलचुरी-चेदी संवत्‌ातील लेख (१९५५), वाकाटकांचे लेख (१९६३) आणि शिलाहारांचे लेख (१९७७) असे 'कॉर्पस इन्स्क्रिप्शनम इंडिकारम'चे तीन खंड त्यांनी संपादित केले. हे काम इंग्रजीतले आणि तज्ज्ञांसाठी केलेले. परंतु 'वाकाटक नृपति आणि त्यांचा काळ' हे त्यांचे मराठी पुस्तक १९५७ साली, म्हणजे वाकाटकांवरील इंग्रजी खंडाच्या सहा वर्षे आधी प्रसिद्ध झाले, ही गोष्ट लक्षणीय आहे. 'संशोधन-मुक्तावली'च्या भागांना त्यांनी 'सर' म्हटले. त्या सरांत लिपीतज्ज्ञाचा काटेकोरपणा तसाच राहतो. फक्त वाचक बदलतो.

या पद्धतीचे सर्वांत स्वच्छ उदाहरण वाशीमचे. १९३९ साली तेथे विंध्यशक्ती (दुसरा) या वाकाटक राजाचा ताम्रपट उजेडात आला. वंशावळीचा भाग संस्कृतात, दानाचा तपशील बहुतांशी प्राकृतात, आणि पट दिला गेला तो वत्सगुल्म येथून. मिराशींनी सहसंपादकासह त्याचे वाचन प्रसिद्ध केले. या पटामुळे पहिल्या प्रवरसेनाचा एक पुत्र सर्वसेन याने वत्सगुल्म येथे वेगळी शाखा स्थापन केली हे स्थिर झाले, आणि अजिंठ्याच्या सोळाव्या लेण्यातील झिजलेल्या लेखातली वंशावळ नव्याने वाचणे शक्य झाले. साहित्याच्या इतिहासात याचा परिणाम दूरवर पोचला. आनंदवर्धनाने 'हरिविजय' या प्राकृत काव्याचा उल्लेख सर्वसेनाच्या नावासह केला होता. तो सर्वसेन आता नुसते नाव राहिला नाही. काव्यपुरुषाचा साहित्यविद्यावधूशी विवाह राजशेखराने विदर्भातील वत्सगुल्मात लावला आणि 'कर्पूरमंजरी'त 'वच्छोमी' या रीतीचे नाव घेतले. हे सारे उल्लेख आजच्या वाशीमभोवती एकत्र आले. येथे ताम्रपट, लेणीलेख आणि साहित्यशास्त्रातील उल्लेख हे परस्परांपासून स्वतंत्र असून एकाच दिशेस बोट दाखवितात. असे प्रमाण इतिहासात फार वेळा लाभत नाही.

रामगिरीचा प्रश्न याहून अवघड आहे, आणि मिराशींचे नाव लोकांत रुजले ते मात्र त्याच प्रश्नामुळे. 'मेघदूता'तील शापित यक्षाचा रामगिरी म्हणजे चित्रकूट, असे मल्लिनाथ सांगतो. हे मत टिकत नाही. चित्रकूट नर्मदेच्या उत्तरेस आहे. तेथून उत्तरेकडे निघालेल्या मेघाला वाटेत रेवा भेटणार कशी? दुसरा दावा सरगुजातील रामगढचा. तेथील प्राचीन गुंफा आणि त्यांतील लेख यांमुळे तो आकर्षक वाटतो. पण आम्रकूट म्हणजे अमरकंटक असे धरले, तर रामगढहून मेघाला प्रथम पश्चिम-नैर्ऋत्येकडे वळावे लागते. मिराशींनी रामटेकचा पक्ष मांडला तो केवळ नामसादृश्यावर नव्हे. दुसऱ्या चंद्रगुप्ताची कन्या आणि वाकाटक राज्ञी प्रभावतीगुप्ता हिचा पुण्यातील ताम्रपट नंदिवर्धन येथून दिलेला आहे, तर ऋद्धपूरचा ताम्रपट रामगिरिस्वामींच्या पादमूलापासून. नंदिवर्धन म्हणजे रामटेकच्या पायथ्यापासून काही किलोमीटरवरील नगरधन. राजधानीजवळची, रामाच्या नावाची आणि राजघराण्याच्या भक्तीचे स्थान असलेली टेकडी म्हणून रामटेक पुढे येते.

तथापि या युक्तिवादाचे टप्पे निरनिराळ्या बळाचे आहेत. वाकाटकांचा रामगिरी म्हणजे रामटेक, हा पहिला टप्पा जवळजवळ सिद्ध मानावा असा आहे. रामटेकवरील केवल नरसिंह मंदिरातील भग्न शिलालेख पुढे चुना निघाल्यावर उजेडात आला. प्रभावतीगुप्तेच्या परिवाराशी त्याचा संबंध आहे आणि हॅन्स बाकर प्रभृतींच्या अभ्यासाने हा टप्पा अधिकच बळकट झाला. कालिदासाच्या मनात हाच रामगिरी होता, हा दुसरा टप्पा बराच संभाव्य म्हणावा लागेल. मात्र अमरकंटकाची अडचण येथेही संपत नाही. ते रामटेकच्या बरेच ईशान्येस पडते, आणि काव्यातील मेघ तर माळ ओलांडल्यावर किंचित पश्चिमेकडे वळून पुन्हा उत्तरेस जातो. रामटेकचा पक्ष घ्यावयाचा, तर आम्रकूट सातपुड्यातच अन्यत्र शोधणे प्राप्त आहे. उरला तिसरा टप्पा : कवी स्वतः वाकाटकांच्या राजसभेत राहिला आणि हे काव्य त्याला येथे सुचले. 'सेतुबंधा'च्या टीकाकाराने नोंदलेली परंपरा कालिदासाला प्रवरसेनाशी जोडते आणि मिराशींनी तिला वजन दिले. पण टीकाकार काव्यानंतर कित्येक शतकांनी झाला. कोरीव पुरावा येथे साथ देत नाही. (प्रवरसेनाच्या पट्टण ताम्रपटाच्या लेखकाचे नाव कालिदास आहे खरे, सेनापतीच्या पदरी असलेल्या त्या लेखकाला कविकुलगुरू करण्याचा मोह टाळलेलाच बरा.)

मिराशींच्या विवेचनात या टप्प्यांचा भेद वाचता येतो. त्यांच्या वाचकांनी तो पाळला नाही. १९५६ साली नागपूरचे राजधानीपण गेले, विदर्भ आधी द्वैभाषिक मुंबई राज्यात आणि १९६० साली महाराष्ट्रात आला. अशा काळात आपल्या भूमीला आपला स्वतंत्र प्राचीन वैभवकाळ असल्याचे आश्वासन या लेखनातून मिळाले. रामटेकवर कालिदासाचे स्मारक झाले आणि १९९७ साली तेथे कविकुलगुरूंच्या नावाचे संस्कृत विश्वविद्यालय आले. ज्या वाशीमसाठी प्रमाण अधिक भक्कम होते, त्याच्या वाट्याला हे कौतुक आले नाही. एखाद्या प्राकृत राजकवीपेक्षा कालिदासाच्या पावलांची ओढ समाजाला अधिक वाटावी हे स्वाभाविक आहे. पण साहित्येतिहासाच्या अभ्यासकाने तो क्रम उचलण्याचे कारण नाही.

मिराशींच्या दृष्टीची एक मर्यादाही नोंदविली पाहिजे. वाकाटकांच्या ताम्रपटांत दान दिलेल्या गावाला मिळणाऱ्या सवलतींची लांब यादी असते : चाट-भाटांचा प्रवेश नाही, फुले-दूध द्यावयाचे नाही, चामडे-कोळसा पुरवावयाचा नाही, मीठ खणण्याचा राजाधिकार नाही, विष्टी माफ. जेथे ही माफी नव्हती तेथे वेठ कोण करीत होते? मिराशींनी प्रत्येक शब्दाचा अर्थ चोख लावला. त्यांचे विवेचन रमले ते वंशावळ, कालनिर्णय, स्थलनिश्चिती आणि कवी यांत. के. एम. श्रीमाळी यांनी १९८७ साली वाकाटक लेखांतूनच मध्य भारताच्या कृषिरचनेचा अभ्यास सिद्ध केला. तो अभ्यास ज्या लेखसंहितेवर उभा आहे ती बव्हंशी मिराशींनी स्थिर केलेली. संपादकाला न सुचलेले प्रश्न ज्या संपादनातून पुढच्या पिढीला विचारता येतात, ते संपादन कितपत विश्वसनीय आहे, हे निराळे सांगावे लागत नाही.

२०१५ ते २०१८ या काळात नगरधन येथे झालेल्या उत्खननात प्रभावतीगुप्तेच्या नावाची मातीची मुद्रा मिळाली; तिच्यावर शंख आहे. ताम्रपटांतील नंदिवर्धनासाठी मिराशींनी धरलेले गाव तेच होते, या निश्चितीला तिने आणखी आधार दिला. कालिदासाच्या वास्तव्याचा प्रश्न मात्र ती जेथे होता तेथेच ठेवते.