ताटातले पाहुणे

एप्रिल महिना, कराड, दुपारचे बारा. तुम्ही डंकासमोरच्या रांगेत उभे आहात. मोटारीवर लोखंडी मुसळं वरखाली होतायत, त्यांच्याखाली संकेश्वरी मिरचीचा भुगा पडतोय आणि रांगेतल्या चौघी एकदम शिंकतायत. तुमच्या पिशवीत सगळं वेगवेगळं बांधलेलं आहे: देठं काढून कडक उन्हात वाळवलेली मिरची, रंगापुरती ब्याडगी, उभा चिरून वाळवलेला आणि मग तेलात तळलेला कांदा, सोललेला लसूण, किसून भाजलेलं खोबरं, धणे, तीळ, जिरं, खसखस, दगडफूल, नाकेशर, सांगलीचं हळकुंड, हिंगाचा खडा, खडेमीठ. पुड्यावर ‘कांदा-लसूण मसाला’ छापतात ती हीच. इथल्या घरांत तिला नुसती ‘चटणी’ म्हणतात. वर्षाची चटणी बरणीत गेली की घर पावसाळ्याला तयार.

आमची चटणी आजीच्या हातची, आजीची पणजीच्या हातची, पिढ्यान्‌पिढ्या अशीच, असं सातारा-सांगलीत प्रत्येक घर सांगतं. तुमच्या घरातही सांगतात. खरं-खोटं करायचं तर मागं जाऊन बघायला हवं. डोळे मिटा. तसेही ते आत्ता उघडे ठेवता येत नाहीयेत.

जानेवारी १९७३, खटाव

ठसका कायम आहे, पण हा खडीच्या धुळीचा. पुरुषभर उंच ढिगाच्या कडेला बायका रांगेनं बसून दगड फोडतायत. १९७२ साली पावसानं पाठ फिरवली, विहिरींनी तळ गाठला आणि माण-खटावपासून आटपाडी-जतपर्यंत सगळा मुलूख दुष्काळी कामावर आला. दुपारची सुट्टी होते. एक म्हातारी फडकं सोडते आणि तुमच्याकडं बघून सरकून जागा करते.

“बस की लेकरा. हुबं ऱ्हाऊन भूक जाती व्हय?”

फडक्यात तांबडी भाकरी आहे. ही मिलो, अमेरिकेतून आलेली तांबडी ज्वारी, रेशनवर मिळालेली. शाळूच्या पिठाला असतो तसा चिकटा हिच्या पिठाला नाही. आधणाचं पाणी ओतून, तळव्यानं रगडून रगडून मळलं तरी थापताना कडेला चिरा पडतात, आणि परातीतून तव्यावर टाकेपर्यंत निम्मी भाकरी हातात, निम्मी खाली. शेजारी पोरं वाटीत मिळालेली सुकडी चाटतायत. भाकरीवर म्हातारी चटणी ठेवते. तुम्ही उत्सुकतेनं जिभेवर घेता. मिरची, लसूण, मीठ. बस्स.

“कांदा?” तुम्ही विचारता.

“औंदा कांदा? खोबरं नगं का बदाम बी?” ती हसते, आणि तिच्याबरोबर सगळी ओळ हसते.

म्हणजे पन्नास वर्षं मागं आलात तेवढ्यात पिशवीतल्या निम्म्याहून जास्त पुड्या रिकाम्या झाल्या. या कामांवरच्या घामातून पुढं १९७७ साली महाराष्ट्रात रोजगार हमीचा कायदा झाला, तो इतिहासात आहे. मोडक्या भाकरीवर ओला हात फिरवून ती सांधणारी बोटं मात्र तुम्हाला इथं येऊनच बघावी लागली.

जून १९४३, कुंडल

रात्र. औंध संस्थानातलं गाव. ओगलेवाडीच्या प्रभाकर कंदिलाची वात इतकी बारीक केलीय की चूल कुठं आणि माणूस कुठं ते कळत नाही. या महिन्याच्या ७ तारखेला शेणोलीजवळ भूमिगतांच्या तुफान सेनेच्या पोरांनी सरकारी पगाराची रक्कम नेणारी रेल्वेगाडी लुटली. क्रांतिसिंह नाना पाटलांचं प्रतिसरकार गावोगाव आकाराला येतंय. गावच्या भांडणांचा निवाडा गावातच होतो, लग्नं खर्चाला फाटा देऊन लागतात, आणि पोलीस हात हलवत परत जातात.

परड्याच्या बाजूनं चौघं आत येतात. कुणी कुणाचं नाव घेत नाही. चुलीपुढं बसलेली बाई वर न बघता भाकरी तव्यावरून निखाऱ्याशी उभी करते. टम्म फुगली की पुढची. एवढ्या भाकरी अचानक करायच्या तर पीठ कुठून आलं? दुपारीच जास्तीचं दळून ठेवलंय. अपरात्री जातं वाजलं तर शेजार जागा होतो, आणि शेजाराच्या पलीकडं खबऱ्याही असतो. कांदा बुक्कीनं फोडून भाकरीवर, शेजारी शेंगदाण्याची चटणी. खाणारे पाच मिनिटांत उठतात. प्रत्येकाच्या कमरेच्या पंचात आणखी दोन भाकरी बांधलेल्या. एकजण दाराशी थबकून तिला म्हणतो, “येतो वैनी,” आणि ती तेवढंच म्हणते, “सांभाळून.”

कोपऱ्यात उखळ आहे. सालाची चटणी दोघी जावा समोरासमोर उभ्या राहून आळीपाळीनं मुसळ टाकत कांडतात. मोटारीचा डंक अजून इकडं यायचाय. म्हणून ही चटणी भरड आहे, दाताखाली धण्याचं टरफल येतं. खोबरं सणासुदीचं. ‘आजीच्या हातची’ म्हणून आज जी मऊसूत चटणी मिरवतात ती खरं तर यंत्राच्या हातची, हे तुमच्या लक्षात येतं. पण आत्ता ते कुणाला सांगण्याची वेळ नाही.

फेब्रुवारी १९२७, सातारा

धनिणीच्या बागेत पंगत बसलीय. भाऊराव पाटलांनी ४ ऑक्टोबर १९१९ ला कराड तालुक्यातल्या काल्याला रयत शिक्षण संस्था काढली आणि १९२४ मध्ये ती साताऱ्याला आणली. त्यांच्या वसतिगृहातली ही पोरं. याच महिन्याच्या २५ तारखेला गांधीजींच्या हस्ते वसतिगृहाला छत्रपती शाहू बोर्डिंग हाऊस असं नाव दिलं गेलं. तुमच्या डाव्या हाताला मराठ्याचं पोर आहे, उजव्या हाताला महाराचं, समोर एक जैन आणि एक मुसलमान. सगळ्यांच्या पुढ्यात एकाच तव्यावरची भाकरी, एकाच पातेल्यातली आमटी.

वाढणाऱ्या आहेत भाऊरावांच्या पत्नी लक्ष्मीबाई, पोरांच्या ‘वहिनी’. कर्मठ वळणात वाढलेली ही बाई या सगळ्या पोरांची आई झालीय. कोठीत दाणा उरला नाही तेव्हा त्यांनी अंगावरचे दागिने दिले, आणि शेवटी मंगळसूत्रही. १९३० साली त्या गेल्या. संस्थेनं पुढं मुष्टिफंड चालवला. दळायला बसताना बायकांनी मूठभर धान्य बाजूला टाकायचं आणि ते शिकणाऱ्या पोरांसाठी गोळा व्हायचं. आज ज्या संस्थेच्या शाळा-कॉलेजं महाराष्ट्रभर आहेत, तिच्या पायात अशा मुठी आहेत.

जेवता जेवता एक गोष्ट टोचायला लागते. याच साताऱ्याच्या शाळेत १९०० साली नाव घातलेल्या भीमराव आंबेडकर नावाच्या पोराला पाण्याच्या भांड्याला हात लावायची मुभा नव्हती. शिपायानं वरून ओतलं तर पाणी, नाहीतर तहान. आणि या पंगतीला महिना उलटायच्या आत, २० मार्चला, तेच बाबासाहेब घाटाखाली महाडला चवदार तळ्याचं पाणी ओंजळीत घेणार आहेत. ‘घराण्याची चव’ असं आपण कौतुकानं म्हणतो तेव्हा त्या घराण्याच्या स्वयंपाकघराला उंबरा होता आणि उंबऱ्याबाहेर माणसं उभी होती, हे सोडून देतो. पणजीची आमटी कशी होती हे सगळे विचारतात. तिनं ती कुणाला वाढली नाही, हे कुणी विचारत नाही. धनिणीच्या बागेतल्या आमटीची कृती तुम्हाला मिळाली नाही तरी चालेल. तिची पंगत पाठ करून ठेवा.

एकोणिसावं शतक, हरिपूर

आता वेग वाढवा. सांगली पटवर्धनांचं संस्थान आहे. कृष्णा-वारणेच्या संगमावरच्या हरिपुरात माणसं जमिनीच्या पोटात माल ठेवतायत. पेव म्हणजे तोंडाशी अरुंद आणि आत ऐसपैस असा खड्डा. तळाला-कडेला गवत-पाचटाचं अस्तर, वर मातीनं लिंपलेलं तोंड. आत ताजी हवा जात नाही म्हणून कीड नाही, आणि हळद वर्षानुवर्षं तशीच्या तशी. उघडल्या उघडल्या मात्र आत कुणी उतरत नाही, कारण कोंडलेली हवा माणसालाही सोडत नाही. पुढं २००५ च्या महापुरात कृष्णेचं पाणी या पेवांत शिरणार आहे, आणि हळद गोदामांत आणि शीतगृहांत जाणार आहे.

इथं ताटातला एक पाहुणा कमी होतो. आधीच्या दशकांत जसजसे मागं जाता तसतसा शेंगदाणा विरळ होत जातो आणि मग दिसेनासाच होतो. दक्षिण अमेरिकेतलं हे पीक दख्खनच्या रानात पसरलं ते याच शतकात. कूट नाही, शेंगदाण्याची चटणी नाही, शेंगतेल नाही. घाण्यावर करडई, तीळ आणि जवस. कालवणावर तवंग आहे, पण वास ओळखीचा नाही.

१५०० च्या आधी

पोर्तुगीजांनी गोवा घेतला १५१० मध्ये. त्या सालाच्या अलीकडून पलीकडं पाऊल टाकता आणि चटणी फिकी पडते. पोर्तुगीजांबरोबर आलेली मिरची उठून गेली. तिच्याबरोबर अमेरिका खंडातून आलेली सगळी मंडळी उठली: बटाटा, टोमॅटो, मका. ज्याला आज भौगोलिक मानांकन आहे तो कोरेगावचा वाघ्या घेवडासुद्धा राजम्याच्याच जातीचा, तोही गेला. उरलं काय? मिरी, आलं, पिंपळी. घशाला लागतं, पण डोळ्यांना पाणी येत नाही. डंकासमोर उभं राहून जे ‘पिढ्यान्‌पिढ्या’ म्हणत होतात, त्या पिढ्या मोजल्या तर वीस-पंचवीसच्या आत भरतात.

आणखी मागं, साधारण दोन हजार वर्षं. कृष्णा-कोयनेचा संगम तसाच समोरासमोर भेटतोय. कराडला करहाकट म्हणतात, इथल्या दानशूरांची नावं पार भारहूतच्या स्तूपावर कोरलेली आहेत. आगाशिवच्या डोंगरात लेणी खोदली जातायत आणि सकाळी भिक्खू पात्र घेऊन गावात उतरतात. त्या पात्रात तुम्ही डोकावता. काळपट धान्य, कसलीतरी डाळ, तिळाचं तेल. आजच्या ताटातलं ओळखीचं म्हणून बोट ठेवावं असं थोडंच आहे.

इथवर आलातच तर थोडं उत्तरेला सरका. भीमेच्या खोऱ्यात, घोड नदीच्या काठी इनामगाव. तीन हजार वर्षांहून अधिक मागं. कुडाच्या भिंती, गवताची छपरं, अंगणात चूल. डेक्कन कॉलेजच्या उत्खननात या वस्तीत जव, मसूर आणि हुलगा सापडला. मसूर म्हणजे पुढं कराड-इस्लामपूर रस्त्यावरच्या ढाब्यांनी ज्याचा ‘अख्खा मसूर’ करून पाट्या लावल्या तो. तोही मुळात पश्चिम आशियातून आलेला. आणि भाकरी? ज्वारी-बाजरी आफ्रिकेतून काही हजार वर्षांपूर्वी इकडं आल्या. म्हणजे ज्या भाकरीवर आपण एवढा जीव टाकतो तीसुद्धा पाहुणी, फक्त फार जुनी.

या धान्यांत यजमान एकटा हुलगा. भारतातच रानातून शेतात आला, कोरड्या जमिनीत, कमी पाण्यावर. माण-खटावच्या उताराला शोभेल असा. आपण मात्र त्याला बैलाचं खाणं म्हणून बाजूला टाकलं. तो घरात येतो तो सर्दी झाली, अंग मोडून आलं, घरात बाळंतीण असली, तेव्हाच. आजारात आपल्याला सगळ्यात जुनी चव आठवते आणि बरं वाटलं की पुन्हा विसरते.

आता थोडं पुढंही बघा. २०७० साली तुमची पणती असाच डोळे मिटून तुमच्या स्वयंपाकघरात येईल. तिला कुकरची शिट्टी ऐकू येईल, फ्रिजमधलं आलं-लसूण पेस्टचं पाकीट दिसेल, मिलेटच्या नावानं महागात विकली जाणारी बाजरी दिसेल, आणि ती आपल्या मैत्रिणींना सांगेल की आमच्याकडं पिढ्यान्‌पिढ्या असंच. तिला हसू नका. मिलो पदरात पडली तेव्हा खटावच्या म्हातारीनं तिची भाकरी केली, मिरची आली तेव्हा कुणा अनाम बाईनं तिला कांद्या-लसणाशी जुळवलं, आणि वहिनींनी पंगतीचा उंबराच काढून टाकला. जे येईल ते चुलीवर ठेवून, जो येईल त्याला वाढायचं. बरणीतून पुढं जात असेल तर हेच, बाकीचा ऐवज दर शे-दोनशे वर्षांनी बदलत आलाय.

उद्या बाजारात गेलात तर अर्धा किलो हुलगे घ्या. मंद आचेवर खमंग भाजा, गार करून दळून आणा. दोन चमचे पीठ गार पाण्यात कालवा, गुठळी राहू देऊ नका. पातेल्यात पाणी, गूळ, सुंठ आणि चिमूटभर मीठ उकळलं की ते हळूहळू ओता आणि ढवळत राहा. चमच्याच्या पाठीला धरलं की माडगं झालं. प्रमाण विचाराल तर इकडच्या कुठल्याही आजीचं उत्तर ठरलेलं: अंदाजानं. आणि खाणारी माणसं मोजून करू नका, एखादं आगंतुक येईल इतकं करा.