हक्क, मान आणि खुशी : नववधूच्या शृंगाराचे देणे

लग्नसराई जवळ आली की नांदेड-लातुराकडील आमच्या घरांतून एक प्रश्न हटकून ऐकू येतो. नववधूची केशरचना व शृंगार करावयास जी बाई येते, तिला ठरलेल्या मोबदल्याखेरीज वर काही द्यावयाचे काय? द्यावयाचे तर किती, आणि कोणाच्या हाती? शहरी मंडळी यास 'टिप' म्हणतात. प्रश्न नवा वाटतो. परंतु आम्हां नाभिकांइतका या प्रश्नाशी जुना परिचय क्वचितच दुसऱ्या कोणाचा असेल. पिढ्यान्‌पिढ्या आम्ही घेणाऱ्याच्या बाजूस उभे होतो. आज आम्ही दोन्ही बाजूंस उभे आहोत. म्हणून समाजबंधुभगिनींपुढे या विषयाचा थोडा मागोवा ठेवावा, असे वाटले.

गावगाड्यात न्हावी हा बारा बलुतेदारांपैकी एक. त्रिंबक नारायण आत्रे यांनी १९१५ साली प्रसिद्ध केलेल्या 'गावगाडा' या ग्रंथात त्या व्यवस्थेचे सविस्तर वर्णन आहे. वर्षभर श्मश्रू करावी आणि सुगीला खळ्यावरून धान्याचा ठरीव वाटा उचलावा, असा तो व्यवहार होता. प्रत्येक वेळी पैसा मागावयाचा नाही आणि द्यावयाचाही नाही. लग्नकार्याचे देणे मात्र या बलुत्याहून निराळे. नवरदेवाची श्मश्रू करणे, त्याच्यापुढे आरसा धरणे ही कामे पुरुषाची. तर नवरीच्या न्हाणाला, हळदीला, केस विंचरण्याला घरच्या सुवासिनींच्या जोडीस अनेक गावी नाभिक घरची बाई असे. तिच्या पदरात शिधा, खण-नारळ आणि वर ओवाळणीचे नाणे पडे. चुडा भरणाऱ्या कासाराचीही रीत अशीच. बांगड्यांची किंमत निराळी, शिधा निराळा. आणि चुडा भरून झाल्यावर लेकीसुना त्याला नमस्कार करीत.

या देण्यांत तीन पदर होते व ते एकमेकांत मिसळत नसत. पहिला हक्क, दुसरा मान, तिसरी खुशी. आमच्या मराठवाड्याने शतकानुशतके फारशी-उर्दूचा दरबार पाहिला असल्यामुळे हे शब्दही आम्हांस जवळचे आहेत. 'हक्क' हा शब्द अरबी. जे न्यायाने देणे लागते ते. 'बक्षीस' हा फारशी. देणाऱ्याने आपल्या मर्जीने दिलेले. एकात घेणारा ताठ उभा असतो, दुसऱ्यात त्याचा हात खाली असतो. आमच्या पूर्वजांनी खळ्यावरच्या पेंढीला कधी बक्षीस म्हटले नाही. त्यांच्या लेखी ती हक्काचीच होती.

तथापि जुन्या काळाचे गोडवे गाण्याचा आमचा मानस नाही. त्याच गावगाड्यात हक्काचा वाटा कमी मोजला जाई, आणि निजामी अमदानीत अंमलदार दौऱ्यावर आला म्हणजे इतर गावकामगारांप्रमाणे आमच्या माणसालाही वेठीस धरले जाई. तेथे हक्क नसे, मान तर नसेच. क्वचित साहेबाची मर्जी झाली तर बक्षीस. ज्याला मजुरी नाकारली जाते त्याच्या हातावर बक्षीस ठेवणे हा उपकार नव्हे, हा धडा आम्ही तेथे शिकलो.

द्रव्य नाकारण्याचाही एक मान असतो. १८९० साली मुंबईतील काही नाभिक बांधवांनी सभा भरवून, विधवांचे केशवपन यापुढे करणार नाही, असा निर्धार केला. महात्मा फुले यांच्या सत्यशोधक विचारांचे व नारायण मेघाजी लोखंडे यांच्या खटपटीचे त्यास पाठबळ होते. त्या कामाचे पैसे मिळत होते, तरी ते त्यांनी नको म्हटले. स्त्रीच्या मस्तकाला लागणारा आपला हात तिच्या अपमानाकरिता उठणार नाही, असे ज्यांनी ठरविले त्यांचे आम्ही वंशज आहोत. आज त्याच समाजाच्या लेकी नववधूंचे केस सजवितात, ही गोष्ट आम्हांस लहान वाटत नाही.

१९११ साली बार्शी लाइट रेल्वे लातुरापर्यंत आली, बाजारपेठ वाढली. नांदेडासही रेल्वे व गिरणी यांमुळे रोख पैसा खेळू लागला. धान्याच्या वाट्याची जागा नाण्याने घेतली आणि शहरांतून खुर्ची-आरशाची दुकाने उभी राहिली. त्या काळी नाणी दोन : निजामाचा हाली रुपया आणि इंग्रजी कलदार. हैदराबाद संस्थान १९४८ साली भारतात विलीन झाल्यावर ७ हालीस ६ कलदार असा भाव धरण्यात आला, व १९५९ साली हाली चलनातून बाद झाला. नाणे बदलले, हिशोब रोखीचा झाला. परंतु मान कशाने मोजावा, हे कोणी सांगितले नाही. तेथेच तिन्ही पदरांची गुंतागुंत झाली.

आजच्या शृंगारगृहात ही गुंतागुंत नित्य दिसते. नवरीकडील मंडळी आधी घासाघीस करून दर उतरवितात आणि निघताना मोठेपणाने काही नोटा पुढे करतात. म्हणजे हक्कातून कापले आणि खुशीच्या नावाने त्यातलेच थोडे परत केले! दुसरी गोष्ट अधिक जिव्हाळ्याची. वधूचा शृंगार एकटी बाई करीत नाही. पहाटे चारला उठून आलेल्या एक-दोन मदतनीस मुली वेणी घालतात, पिना लावतात, साडी नेसवितात. वरचे द्रव्य मालकिणीच्या हाती जाते आणि या मुलींच्या वाट्यास पुष्कळदा चहाच येतो.

अमेरिकेत मोबदल्याच्या शेकडा १५ ते २० टिप देण्याची रूढी आहे. जपानात वर काही देण्याची चालच नाही, कारण उत्तम काम हे मोबदल्यातच आले, अशी तेथील समजूत. आम्हांस दोहोंपैकी कोणाचेही अनुकरण करावयास नको. आमची रीत आमच्यापाशी आहे. ती अशी :

ठरलेला मोबदला आधी बोलावा आणि पुरा द्यावा. तो हक्क होय. शृंगार झाल्यावर त्या बाईस हळदीकुंकू लावून खण-नारळ द्यावा, तिला व तिच्या मुलींना जेवूनच जाऊ द्यावे. तो मान होय. यानंतर मन प्रसन्न असेल तर ५१, १०१, ऐपतीप्रमाणे द्यावे. वरचा एक रुपया हा किमतीचा नव्हे, शुभाचा असतो. ही खुशी होय. तीत मदतनिसांचा वाटा निराळा करून त्यांच्याच हाती ठेवावा. न दिल्यास कोणी दोष देऊ नये, आणि आमच्या भगिनींनीही ती तोंडाने मागू नये.

२०२० सालच्या टाळेबंदीत मार्चअखेरीपासून जूनच्या २८ तारखेपर्यंत राज्यातील केशकर्तनालये व शृंगारगृहे बंद होती. ऐन लग्नसराई बुडाली. ज्यांचा संसार रोजच्या गल्ल्यावर चालतो त्यांना त्या तीन महिन्यांत कळले की, बक्षिसाच्या भरवशावर धंदा उभा राहत नाही. घर चालते ते वाजवी दरावर, आणि दर टिकतो तो आपण स्वतः त्याचा मान राखला तर.

शेवटी एक गोष्ट घरचीच सांगतो, राग नसावा. परक्यांनी घासाघीस केली तर आम्ही दुखावतो. परंतु समाजातील मुलीलाच आपल्या नवरीच्या शृंगारास बोलावून, 'घरचेच कार्य आहे, तुझ्याकडून कसले पैसे घेतेस?' असे म्हणणारे आमच्यातच आहेत. ती संकोचाने गप्प राहते, आहेराचा एक खण घेऊन परतते, आणि तिच्या मदतनीस मुलीची मजुरी स्वतःच्या पदरची देते. नात्याच्या नावाने घेतलेले फुकट काम आणि अंमलदाराने घेतलेली वेठ यांत, घेणाऱ्याच्या दृष्टीने कितीही अंतर असले, तरी करणाऱ्याच्या दृष्टीने फारसे नाही.

तरी येत्या लग्नसराईत प्रत्येक सभासद कुटुंबाने आपल्या समाजभगिनीचा मोबदला मांडवात शिरण्यापूर्वी पुरा चुकता करावा, एवढीच आमची विनंती आहे. खण-नारळाचा आहेर त्यानंतर. ज्या हातांनी नवरीचे रूप खुलविले ते हात आपल्या दारातून रिते परतू नयेत.