तिहेरी उडीची पहिली मानकरी

२५ ऑगस्ट १९९० रोजीं जपानच्या उत्तरेकडील साप्पोरो शहरांत ली हुइरोंग ह्या चिनी तरुणीनें तिहेरी उडींत १४.५४ मीटर अंतर तोडलें, आणि स्त्रियांच्या तिहेरी उडीचा पहिला अधिकृत जागतिक विक्रम म्हणून ही उडी मैदानी खेळांच्या आंतरराष्ट्रीय महासंघाच्या दप्तरीं दाखल झाली. तेव्हां तिचें वय पंचवीस वर्षांचें होतें. 'पहिला' हा शब्द मात्र येथें जरा जपून घ्यावयास हवा. स्त्रिया ह्या प्रकारची उडी त्यापूर्वीं जवळजवळ सत्तर वर्षें मारीत होत्या, अंतरें मोजलीं जात होतीं, आणि खुद्द ली हुइरोंग हिनेंच तीन वर्षांपूर्वीं जगांतील सर्व स्त्रियांस मागें टाकलें होतें. परंतु ज्या दप्तरांत विक्रम चढावयाचे, त्या दप्तरांत स्त्रियांच्या ह्या खेळाचें पानच नव्हतें.

चिनी रीतीप्रमाणें आडनांव आधीं येतें, मराठी शाळेच्या हजेरीपटांत येतें तसें. तेव्हां 'ली' हें तिचें आडनांव आणि 'हुइरोंग' हें तिचें नांव. तिचा जन्म १४ एप्रिल १९६५ चा.

तिहेरी उडी ही पाहावयास सोपी आणि करावयास अत्यंत कठीण अशी करामत आहे. धावत आलेला खेळाडू फळीवरून एका पायानें उडतो आणि त्याच पायावर उतरतो; ही झाली लंगडी. तेथून उसळून तो दुसऱ्या पायावर येतो. हें झालें पाऊल. आणि त्या दुसऱ्या पायावरून अखेरची झेप घेऊन तो वाळूच्या खड्ड्यांत पडतो. अंगणांत लंगडी खेळलेल्या कोणाही मराठी मुलीस पहिल्या टप्प्याची कल्पना सहज येईल. परंतु अंगणांतील लंगडी सावकाश चालते आणि ही भरधांव वेगांत घ्यावयाची असते. पहिल्या दोन टप्प्यांच्या खालीं वाळू नसते. धावपट्टीच्या कठीण पृष्ठभागावर सारें शरीर एकाच पायावर आदळतें, आणि त्या क्षणीं घोटा, गुडघा व कंबर ह्यांवर शरीराच्या वजनाच्या कैक पट भार येतो. नवशिका खेळाडू बहुधा पहिल्या लंगडीलाच सारी शक्ति खर्चून बसतो. ती उंच जाते, डौलदार दिसते. पण उतरतांना गुडघा दुमडतो, मधलें पाऊल आखूड पडतें आणि अखेरच्या झेपेला वेगच उरत नाहीं. ह्या खेळांतील खरें कसब वेग राखून ठेवण्याचें आहे. तो तीन हप्त्यांत खर्च करावयाचा असतो, आणि मधला हप्ता सर्वांत अवघड असतो. फळीपासून वाळूच्या खड्ड्यापर्यंतचें अंतर पुरुषांकरितां १३ मीटर व स्त्रियांकरितां ११ मीटर ठेवण्याची वहिवाट आहे. म्हणजे पहिले दोन टप्पे नीट साधले नाहींत तर वाळूपर्यंत पोंचण्याचीच पंचाईत! पाठीमागून वारा सेकंदास दोन मीटरांहून अधिक वेगानें वाहत असेल तर उडी कितीहि लांब गेली तरी ती विक्रम म्हणून धरीत नाहींत.

पुरुषांच्या बाबतींत हा खेळ आधुनिक ऑलिंपिकइतकाच जुना आहे. १८९६ सालीं अथेन्स येथें अमेरिकेचा जेम्स कॉनोली हा आधुनिक ऑलिंपिकचा पहिला विजेता ठरला, तो तिहेरी उडींतच. पुढें आशिया खंडास ह्या खेळानें विशेष हात दिला. जपानच्या मिकिओ ओदा ह्यानें १९२८ सालीं ॲम्स्टरडॅम येथें १५.२१ मीटर उडी मारून सुवर्णपदक मिळविलें. १९३२ सालीं चुहेइ नाम्बु आणि १९३६ सालीं नाओतो ताजिमा ह्यांनीं तो मान जपानकडेच राखला.

स्त्रियांची गोष्ट मात्र निराळी होती. जपानचीच किनुए हितोमी हिनें १९२६ सालीं ओसाका येथें तिहेरी उडींत ११.६२ मीटर अंतर तोडलें होतें. लांब उडींतहि तिच्या तोडीची स्त्री त्या काळीं जगांत नव्हती. १९२८ सालीं ५.९८ मीटरांचा विक्रम तिच्या नांवावर लागला. परंतु त्याच वर्षीं ॲम्स्टरडॅमच्या ऑलिंपिकमध्यें स्त्रियांना प्रथमच मैदानी खेळांत प्रवेश मिळाला, तो अवघ्या पांच प्रकारांत, आणि त्या पांचांत ना लांब उडी होती ना तिहेरी. तेव्हां हितोमी ८०० मीटर धावण्याच्या शर्यतींत उतरली आणि तिनें रौप्यपदक मिळविलें. २ ऑगस्ट १९२८ हा तो दिवस. त्याच दिवशीं ओदानें आपलें सुवर्णपदक जिंकलें. शर्यत संपल्यावर कांहीं धावपटू दमून जमिनीवर पडल्या, वर्तमानपत्रांनीं त्याचें भडक वर्णन केलें, आणि स्त्रियांच्या शरीरास असले श्रम सोसत नाहींत असा निष्कर्ष वडीलधाऱ्या मंडळींनीं तत्परतेनें काढला. शर्यतीनंतर पुरुषहि दमून पडतात, ही गोष्ट त्या वेळीं कोणाच्या फारशी ध्यानांत आलेली दिसत नाहीं. ह्यानंतर १९६० पर्यंत ऑलिंपिकमध्यें २०० मीटरांहून लांब अशी स्त्रियांची शर्यत झाली नाहीं. स्त्रियांच्या लांब उडीस १९४८ पर्यंत थांबावें लागलें. तिहेरी उडीचा तर विचारच नव्हता. ज्या खेळांत पायांवर इतका भार येतो, तो स्त्रियांचा खेळ नव्हे, अशीच समजूत दीर्घकाळ रूढ राहिली. हितोमी २ ऑगस्ट १९३१ रोजीं, वयाच्या अवघ्या चोविसाव्या वर्षीं निवर्तली. तिची तिहेरी उडीची मर्यादा १९३९ सालीं रिए यामाउची ह्या दुसऱ्या जपानी स्त्रीनें ओसाकांतच ४ सेंटिमीटरांनीं पुढें नेली. त्यानंतर १९५९ सालीं इंग्लंडच्या मेरी बिग्नल हिनें १२.२२ मीटर उडी मारली. हीच मेरी पुढें मेरी रँड ह्या नांवानें १९६४ च्या टोकियो ऑलिंपिकमध्यें लांब उडीची विजेती झाली; तिहेरी उडींत जिंकावयास तिला स्पर्धाच उपलब्ध नव्हती. तिचा तो आकडा दोन दशकांहून अधिक काळ तेथेंच राहिला. कोणी प्रयत्न करीना, कारण त्या प्रयत्नाचें कांहीं फळ नव्हतें.

चीनचा प्रश्न आणखी वेगळा. १९५८ सालीं चीन आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितींतून बाहेर पडला होता. मैदानी खेळांच्या महासंघानें त्यास १९७८ सालीं परत घेतलें, ऑलिंपिक समितीनें १९७९ सालीं. वीस वर्षें जगाशीं फारसा सामना न झालेला हा देश परत आला तेव्हां त्याच्या खेळाडूंचें खरें मोल कोणास ठाऊक नव्हतें. तें सप्टेंबर १९८१ मध्यें रोमच्या विश्वचषक स्पर्धेंत तिहेरी उडीच्या निमित्तानें कळून आलें. झौ झेनश्येन ह्या चिनी खेळाडूनें १७.३४ मीटर उडी मारली. ब्राझीलचा जुआंव कार्लोस द ओलिवेरा त्याच्यापुढें अवघे ३ सेंटिमीटर होता. तीन वर्षांनीं लॉस एंजलिस ऑलिंपिकमध्यें झौ पुन्हां उतरला. अमेरिकेचे अल जॉयनर व माइक कॉन्ली पहिले-दुसरे आले. इंग्लंडच्या कीथ कॉनर ह्यानें १६.८७ मीटर उडी मारून कांस्यपदक घेतलें, आणि १६.८३ मीटर उडी मारणारा झौ चौथा राहिला. चार सेंटिमीटर म्हणजे दोन बोटांची रुंदी! रोमच्या त्या १७.३४ मीटरांच्या आकड्यापुढें मात्र पुढील २८ वर्षांत कोणीहि चिनी पुरुष गेला नाहीं. २००९ च्या ऑक्टोबरमध्यें ली यानशी ह्यानें चिनान येथें १७.५९ मीटर उडी मारली तेव्हां कोठें तो मागें पडला. तिहेरी उडी ही चिनी मनुष्यास साधण्याजोगी विद्या आहे, हें मात्र झौनें दाखवून दिलें होतें.

१९८० नंतरच्या दशकांत अमेरिकेंतील विद्यापीठांच्या मैदानांवर स्त्रियांनीं ह्या उडीस नव्यानें हात घातला, आणि आकडे भराभर हलूं लागले. १९८५ सालीं वेंडी ब्राउन ह्या अमेरिकन तरुणीनें १३.५८ मीटर, १९८६ सालीं ब्राझीलच्या एस्मेराल्डा गार्सिया हिनें १३.६८ मीटर अशा उड्या मारल्या. ज्या खेळांत पद्धतशीर शिक्षण नुकतेंच सुरू झालेलें असतें, त्यांत अशी झपाट्याची वाढ होणें स्वाभाविकच आहे. परंतु ११ ऑक्टोबर १९८७ रोजीं जपानांतील हामामात्सु येथें जें घडलें, तें ह्या स्वाभाविक वाढीच्या पलीकडचें होतें. ली हुइरोंग हिनें १४.०४ मीटर अंतर तोडलें. पूर्वींच्या सर्वोत्तम उडीपेक्षां ही अधिक होती, आणि १४ मीटरांची सीमा ओलांडणारी ती जगांतील पहिली स्त्री ठरली. सर्वोत्तम उडी म्हणून जाणकारांनीं तिची टिपणें ठेवलीं, पण अधिकृत विक्रम म्हणून तिची नोंद झाली नाहीं.

त्यानंतर पाळी आली ती सोव्हिएट संघाच्या गालिना चिस्त्याकोव्हा हिची. ही सामान्य खेळाडू नव्हे. ११ जून १९८८ रोजीं लेनिनग्राड येथें तिनें लांब उडींत ७.५२ मीटरांचा जागतिक विक्रम केला, आणि एवढा वेग पायांत असलेल्या स्त्रीनें तिहेरी उडी मनावर घेतल्यावर चिनी तरुणीचा आकडा टिकणें शक्यच नव्हतें. चिस्त्याकोव्हानें १९८९ सालीं स्टॉकहोम येथें १४.५२ मीटर उडी मारली. आतां गंमत अशी कीं, महासंघानें स्त्रियांच्या तिहेरी उडीचे विक्रम नोंदण्यास सुरुवात केली ती १९९० सालीं. चिस्त्याकोव्हाची स्टॉकहोमची उडी त्या मर्यादेच्या अलीकडे राहून गेली. नव्या पानावर पहिलें नांव कोणाचें लागावयाचें, हा प्रश्न त्या उन्हाळ्यांत मोकळाच होता.

त्याचें उत्तर साप्पोरोनें दिलें. १४.५४ मीटर म्हणजे चिस्त्याकोव्हाच्या उडीपेक्षां बरोबर दोन सेंटिमीटर अधिक. ह्या दोन सेंटिमीटरांचें महत्त्व सामान्य नाहीं. समजा ती १४.४० मीटरांवर उतरली असती, तरीहि नव्या दप्तरांत तिचें नांव चढलें असतें. पण मग, खरी श्रेष्ठ खेळाडू दुसरीच, केवळ तारखेच्या योगानें हिला मान मिळाला, असें म्हणावयास जागा राहिली असती. साप्पोरोच्या उडीनें ती जागा ठेविली नाहीं. अधिकृत आणि अनधिकृत अशा दोन्ही हिशेबांनीं त्या दिवशीं ती जगांत प्रथम होती.

हा मान दहा महिनेहि टिकला नाहीं. १० जून १९९१ रोजीं मॉस्को येथें इनेसा क्रावेट्स हिनें १४.९५ मीटर उडी मारली; एका उडींत ४१ सेंटिमीटरांची भर! एका शिखरावर मनुष्य पोंचतो न पोंचतो तोंच शेजारीं दुसरें उंच शिखर उघडें पडावें, तसा हा प्रकार झाला. सप्टेंबर १९९२ मध्यें क्यूबाची राजधानी हवाना येथें विश्वचषक स्पर्धा भरली तेव्हां ली हुइरोंग आशिया खंडाच्या संघांतून उतरली आणि तिनें सुवर्णपदक जिंकलें. ज्या स्पर्धेंत अकरा वर्षांपूर्वीं झौ तीन सेंटिमीटरांनीं मागें राहिला होता, त्याच स्पर्धेंत तिनें हें यश मिळविलें. परंतु त्याच उन्हाळ्यांत बार्सिलोना येथें ऑलिंपिक झालें, आणि त्यांत स्त्रियांची तिहेरी उडी नव्हती. वयाच्या सत्ताविसाव्या वर्षीं, ऐन उमेदींत असतां, ऑलिंपिकचें तिहेरी उडीचें मैदान तिच्यासाठीं बंदच राहिलें.

दारें उघडलीं तीं एकापाठोपाठ, पण उशिरा. जागतिक अजिंक्यपद स्पर्धेंत १९९३ सालीं स्टुटगार्ट येथें स्त्रियांची तिहेरी उडी प्रथम झाली. त्याच वर्षीं जूनमध्यें चिनी वंशाचा वारसा असलेली रशियन खेळाडू योलांडा चेन हिनें १४.९७ मीटरांपर्यंत मजल नेली होती. स्टुटगार्टला ॲना बिर्युकोव्हा हिनें १५.०९ मीटर उडी मारून १५ मीटरांची सीमाहि ओलांडली. १९९५ सालीं गोथेनबर्ग येथें क्रावेट्सनें १५.५० मीटरांचा विक्रम केला. आणि १९९६ सालीं, कॉनोलीच्या विजयास बरोबर शंभर वर्षें झालीं तेव्हां, अटलांटा येथें स्त्रियांस ऑलिंपिकमध्यें तिहेरी उडी मारतां आली. क्रावेट्सनें सुवर्णपदक घेतलें. पदकें मिळविणाऱ्या तिघींत कोणीहि चिनी नव्हती. ली हुइरोंग त्या वर्षीं एकतीस वर्षांची होती.

चिनी स्त्रियांची परंपरा मात्र तिच्यापाशीं थांबली नाहीं. सप्टेंबर २००७ मध्यें श्ये लिमेइ हिनें उरुमची येथें १४.९० मीटर उडी मारून आशियाचा विक्रम केला, आणि तो २०१० सालीं कझाकस्तानच्या ओल्गा रिपाकोव्हा हिनें १५.२५ मीटरांवर नेला. हीच रिपाकोव्हा २०१२ सालीं लंडन येथें ऑलिंपिकविजेती झाली. क्रावेट्सचा १५.५० मीटरांचा आकडा तब्बल सव्वीस वर्षें अभंग राहिला. तो १ ऑगस्ट २०२१ रोजीं टोकियो ऑलिंपिकमध्यें व्हेनेझुएलाच्या युलिमार रोहास हिनें १५.६७ मीटर उडी मारून मोडला. म्हणजे हितोमीची ओसाका, ली हुइरोंगची हामामात्सु व साप्पोरो, आणि त्यानंतर ही टोकियो, असा ह्या खेळाचा धागा पुन्हां जपानांतच येऊन मिळाला. त्याच ऑलिंपिकमध्यें चार दिवसांनीं पुरुषांच्या तिहेरी उडींत चीनच्या झू यामिंग ह्यानें १७.५७ मीटर उडी मारून रौप्यपदक मिळविलें.